नाव अजून वापरात आहे

एके काळी कॉर्ककडच्या आमच्या बॅलीव्हर्नी गावात बाजाराच्या दिवशी कुणी रस्त्यात उभं राहून "गॉबनेट" अशी हाक मारली असती, तर निम्म्या बायकांनी वळून पाहिलं असतं, आणि उरलेल्या निम्म्यांनी "आमच्या सासूला कोण बोलावतंय" म्हणून. आता ते दिवस गेले. आता पोरींची नावं टीव्हीतून येतात, आणि गॉबनेट म्हणाल तर आठवून आठवून तीन-चार म्हाताऱ्या निघतील. त्यातली एक टुमींच्या घरातली. ही गोष्ट तिची, आणि तिच्या नावाचीही, कारण या बाईचं निम्मं आयुष्य त्या नावाशी भांडण्यात गेलं.

नाव तसं काही ऐरंगैरं नाही. आमच्या गावची ती संत. देवदूतानं तिला सांगितलं होतं, जिथं नऊ पांढरी हरणं एकत्र चरताना दिसतील तिथं मुक्काम कर. ती चालत चालत आली आणि हरणं दिसली ती आमच्या टेकडीवर. गुरं पळवायला चोर आले तेव्हा तिनं त्यांच्यावर मधमाश्या सोडल्या. हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. पण नावाचा अर्थ विचाराल, तर त्यावर गावात कधी एकमत झालं नाही. चर्चचे फादर म्हणत, मधमाशी. म्हणून इंग्रजीत लिहायची वेळ आली की ते गॉबनेटची डेबोरा करत, कारण बायबलातल्या डेबोराचा अर्थ मधमाशी. कुणी अ‍ॅबिगेल करत. ती का, ते देवालाच ठाऊक.

आणि लोहार थेडी डिनीन भात्यापाशी उभा राहून सगळ्यांना मोडीत काढायचा. "मधमाशी कुठली घेऊन बसलात? आपल्या भाषेतला लोहाराचा शब्द घ्या आणि हे नाव घ्या, दोन्ही एकाच भट्टीतले. गॉबनेट म्हणजे लोहाराची लेक. बाई आमच्यातली आहे, मध तुम्ही नंतर लावलात." पुढे खणणारे विद्वान आले आणि त्यांना तिच्या जागेजवळच लोखंड गाळल्याच्या खुणा सापडल्या. त्यानंतर थेडी कितीतरी दिवस नुसता मान वर करून फिरत होता, कुणाशी सरळ बोलेना.

टुमींच्या गॉबनेटला या वादाशी काही देणंघेणं नव्हतं. तिचं दुखणं निराळं. शाळेत जायला लागली होती, अक्षरं नुकती कळायला लागली होती, आणि अशा वयात पोरं दिसेल ते वाचतात. एका रविवारी प्रार्थना आटोपल्यावर आई घरच्यांच्या कबरीवरचं गवत उपटत बसली होती, आणि हिनं दगडावरच्या अक्षरांवरून बोट फिरवत वाचलं. गॉबनेट टुमी, वय दोन वर्षं.

"आई, ही मी आहे?"

"नाही. तुझी बहीण. तुझ्या आधीची," आई म्हणाली. मान काही वर केली नाही. गवत उपटत राहिली.

आईच्या लेखी विषय तिथंच संपला. पोरीच्या डोक्यात मात्र तिथून सुरू झाला. शेजारपाजारच्या बायकांकडून कळलं की ती पहिली डांग्या खोकल्यानं गेली. मग हिनं आपल्या मनानं उरलेलं जुळवलं. थोरलीचे कपडे धाकटीला घालतात, तसं मेलेल्या पोरीचं नाव आपल्याला घातलं. कपडे निदान फाटतात तरी. त्यात शाळेतल्या बाकावर शेजारी बसणारी नेली हीली म्हणजे एक नंबरची आगाऊ. तिनं तो दगड पाहिला आणि दुसऱ्या दिवशी भर वर्गात म्हणाली, "तू कशाला पाढे पाठ करतेस? तू तर आधीच मेलीयेस." शाळेची सगळी वर्षं ते पुरलं. आणि खरं सांगायचं तर पोरांच्या चिडवण्यापेक्षा हिला भीती वाटायची ती रात्री खोकला आला की. दोन वर्षांची झाली तेव्हा मरायचं राहून गेलं, आता केव्हाही आठवण होईल, असं काहीतरी तिच्या मनानं घेतलं होतं.

मोठी झाल्यावर ती कॉर्क शहरात एका कापडवाल्याच्या घरी कामाला लागली. पहिल्याच दिवशी मालकीणबाईंनी नाव विचारलं, ऐकलं आणि कपाळाला आठ्या घातल्या. "छे बाई. पाहुण्यांसमोर मी हे असलं नाव घेऊ? मी तुला अ‍ॅबी म्हणेन." दुसरी कुणी असती तर तिला राग आला असता. आम्हाला तर ऐकूनच आला. हिला मात्र इतकं हलकं वाटलं की त्या दिवशी तिनं आपणहून चांदीचे सगळे चमचे घासून काढले. अ‍ॅबी. त्या नावाचं कुठं कुणी पुरलेलं नव्हतं.

जवळच्या मक्रूम गावच्या नाचात तिला, आमच्याकडे नुकतंच शेत घेतलेला, कॉन केलहर भेटला, तेव्हा तिनं अ‍ॅबी हेच नाव सांगितलं. लग्न होऊन ती त्याच्या शेतावर आली, म्हणजे माहेरच्या गावातच परत आली, आणि खरं नाव कॉनला कळलं ते लग्नाच्या वेळी फादरांच्या तोंडून. तो म्हणाला, "मला काय, तू ज्या नावाला ओ देशील ते नाव." गावानंही हळूहळू अ‍ॅबी मान्य केलं. एकटी आई तेवढी ऐकेना. ती हाक मारायची ती गॉबनेट म्हणूनच, आणि लेक दर वेळी तोंड वाकडं करायची.

आमच्याकडे मुलांची नावं शोधत बसत नाहीत. वाटणी आधीच झालेली असते. पहिला मुलगा बापाच्या बापाचा, पहिली मुलगी आईच्या आईची. त्या रिवाजानं अ‍ॅबीनं आपल्या लेकीचं नाव ठेवलं हॅना, आपल्या आईचं. सगळे तिला हॅनी म्हणत. आणि त्याच रिवाजानं हॅनीला मुलगी झाली तर ती गॉबनेट होणार, हेही त्याच दिवशी ठरून गेलं. अ‍ॅबीनं तेव्हा ते मनावर घेतलं नाही. बाळ पाळण्यात असताना नातीची काळजी कोण करतो?

हॅनी कॉर्कला राहायला गेली, बस चालवणाऱ्या डोनलशी तिनं लग्न केलं. दोनदा आशा लागली आणि मोडली. तिसऱ्यांदा दिवस गेले तेव्हा पोरगी हरखली आणि आईला म्हणाली, "मुलगी झाली तर गॉबनेट. तुझं नाव."

"नको."

"नको काय? पद्धत आहे."

"पद्धत गेली खड्ड्यात. क्लेअर ठेव, मेरी ठेव. शाळेत पोरं तिला छळतील."

"मला हॅनी फनी म्हणून छळायचे, मी मेले का?"

अ‍ॅबी त्यावर उठून अंगणात गेली. हॅनीला वाटलं, आईला आपल्या नावाची लाज वाटते. तिला राग आला, थोडं रडूही आलं. खरं कारण अ‍ॅबीनं कुणालाच सांगितलं नाही, कॉनलाही नाही. आपल्या नावानं ते पोर जगणार नाही, असं तिला आतून वाटत होतं. आणि हे बोलून दाखवलं तर खरं होईल, असंही वाटत होतं. शिकलेल्या माणसाला हसू येईल. येऊ दे. 

बाळ वेळेच्या बरंच आधी आलं. फेब्रुवारीत, नेमकं संतबाईंच्या सणाच्या आदल्या दिवशी. सणाच्या सकाळी डोनलचा फोन आला. मुलगी आहे, काचेच्या पेटीत ठेवलीये, श्वास तिचा तिला घेता येत नाही.

"डॉक्टर म्हणतात, आजचा दिवस गेला तर बघू," डोनल म्हणाला. "नर्स म्हणाली, तशीच वेळ आली तर मीच पाणी घालून बाप्तिस्मा करीन, फक्त नाव तयार ठेवा. हॅनी गॉबनेटच म्हणतेय. पण म्हणते, आईच्या मनाविरुद्ध नको. तुम्ही काय म्हणता?"

"मी येते," एवढंच अ‍ॅबी म्हणाली आणि फोन ठेवला.

पण कॉर्कला निघायच्या आधी ती चर्चला गेली, कारण त्या दिवशी आमच्यातलं कुणीही तेच करेल. संतबाईंची जुनी लाकडी मूर्ती वर्षातून त्या दिवशी बाहेर काढतात. तिच्या उंचीला रिबन लावायची, मग ती मूर्तीभोवती गुंडाळायची, आणि घरी न्यायची. त्याला आम्ही माप म्हणतो. दुखणाऱ्या गुडघ्याला बांधतात, बाळंतिणीच्या उशाला ठेवतात, परदेशी गेलेल्या पोरांना पाकिटातून पाठवतात. अ‍ॅबीनं दारातच निळी रिबन घेतली आणि रांगेत उभी राहिली. पुढे होती जूली क्रीडन. मन चांगलं, पण तोंडाला कुलूप नाही.

"माप कुणासाठी गं, अ‍ॅबी?"

"हॅनीला मुलगी झाली. ठीक नाही तिची तब्येत."

"अरे देवा. नाव काय ठेवलं?"

"अजून नाही."

"नाही?" जूली पूर्ण वळली. "मग माप लावताना तिथं सांगणार काय? कॉर्कमधलं एक बाळ? कॉर्कमध्ये काय एकच बाळ आहे?"

जूलीनं ते साधेपणानंच विचारलं होतं. अ‍ॅबी मात्र रिबन बोटाभोवती गुंडाळत राहिली. नाव द्यावं तर भीती, आणि न द्यावं तर पोर बिननावाची जायची. मेरी म्हणायला तिनं तोंड उघडलं आणि ते तिच्या तोंडून निघेना, कारण त्या पोरीच्या आईला ते नको होतं. "माझी जागा धर," असं जूलीला सांगून ती रांगेतून बाहेर पडली.

तिची आई पहिल्या बाकावर बसली होती. ऐंशी कधीच ओलांडलेली, अंगात दोन कोट, गालात पेपरमिंटची गोळी. कानानं अधू झाल्यापासून तिचं कुजबुजणं तीन बाकांपर्यंत पोचायचं. अ‍ॅबी तिच्या शेजारी जाऊन बसली, आणि लहानपणापासून जे विचारलं नव्हतं ते विचारलं.

"आई, मेलेल्या पोरीचं नाव मला का ठेवलंस?"

म्हातारीनं गोळी एका गालातून दुसऱ्या गालात नेली. "कुणाचं?"

"माझ्या बहिणीचं. कबरीवर आहे ते."

"तिचं नाव मी तुला कुठं ठेवलं?" म्हातारी म्हणाली, आणि मागच्या बाकावरचे लोक जपमाळ थांबवून ऐकायला लागले. "ते माझ्या आईचं नाव. तिलाही माझ्या आईचंच ठेवलं होतं, तुलाही माझ्या आईचंच ठेवलं. पहिली मुलगी आईच्या आईची. हे काय तुला शिकवायला हवं?"

अ‍ॅबीला आजी आठवत होती. डोंगरापलीकडे राहायची, म्हणून सगळे तिला किलगार्व्हनची आजी म्हणत. तिला कुणी नावानं हाक मारलेली अ‍ॅबीनं कधी ऐकली नव्हती. लहानपणी जो समज डोक्यात बसला तो बसला, पुढे स्वतःच्या लेकीला आईचं नाव देतानाही तिनं एक पायरी मागे जाऊन पाहिलं नव्हतं. माणूस कधी कधी इतका बावळट असतो.

"तुझ्या वेळी सगळे माझ्या मागे लागले होते," म्हातारी सांगत होती. "सासू म्हणाली, ते नाव आता टाक, अपशकुनी आहे. तुझा बाप म्हणाला, मेरी ठेवू. मी रडत होते. पहिलीला मातीत घालून फार दिवस झाले नव्हते. आणि तुझी आजी पलंगाच्या कडेला बसून चहा पीत होती. ती म्हणाली, 'मी मेलेय का? ते नाव माझं आहे आणि अजून वापरात आहे. त्या लेकराला मी दिलं होतं, तिला ते फार दिवस मिळालं नाही. आता हिला दे.' झालं. तिच्यापुढे बोलायची कुणाची टाप होती?"

"किती जगली ती?"

"नव्वदीच्या पुढे. शेवटच्या हिवाळ्यात सुद्धा डुकरीण पाळली होती, आणि तिला शिव्या घालताना आवाज खालच्या रस्त्यापर्यंत यायचा."

"हे तू मला कधी सांगितलं नाहीस."

"तू विचारलंस का कधी?"

"विचारलं होतं. कबरीपाशी. लहान होते."

म्हातारीनं लेकीचा हात धरला, जे ती सहसा करत नसे. "तेव्हा माझ्याच्यानं बोलवलं नसेल गं," ती म्हणाली, आणि या वेळी खरोखर हळू म्हणाली.

अ‍ॅबीला एकदम हसू फुटलं. हसू आणि रडू दोन्ही, नाक वाहायला लागेपर्यंत. सणाच्या दिवशी चर्चमध्ये बाईमाणूस असं हसतं म्हणून मूर्तीजवळ उभ्या असलेल्या सेवकानं डोळे वटारले. तिनं लक्ष दिलं नाही. इतकी वर्षं ती ज्या नावाला घाबरत आली होती, ते डुकरिणीला शिव्या घालणाऱ्या एका खणखणीत म्हातारीचं निघालं होतं. आणि ती म्हातारी आता नव्हती, म्हणजे ते नाव कुणाचं होतं? हिचंच. द्यायचं की नाही ते हिच्या हातात होतं.

जूलीनं जागा धरून ठेवली होती. अ‍ॅबीनं रिबन मूर्तीच्या डोक्यापासून पायापर्यंत धरली, मग भोवती गुंडाळली, आणि नाव घेतलं. मोठ्यानं घेतलं. जूली म्हणाली, "बघ, नाव होतं की," आणि पुढे सरकली.

कॉननं त्या दिवशी गाडी अशी हाकली की मक्रूम केव्हा मागे पडलं ते कळलंच नाही. हॉस्पिटलात हॅनी काचेच्या पेटीजवळ खुर्चीत बसली होती, चेहरा पांढराफटक, डोळे सुजलेले. आईला पाहून तिनं आधीच मान वळवली.

"तुला नको असेल तर मेरी ठेवू," ती म्हणाली. "आता माझ्यात भांडायचं बळ नाही."

"गॉबनेट ठेव," अ‍ॅबी म्हणाली. "माझं चुकलं होतं, हॅनी. मला वाटत होतं ते माझ्या मेलेल्या बहिणीचं नाव आहे, आणि ते लागलं तर हीसुद्धा जाईल. म्हणून नको म्हणत होते. लाज नव्हती गं. भीती होती."

हॅनी पुन्हा तिच्याकडे वळली. "आणि हे इतके महिने पोटात ठेवून बसलीस?"

"अजून काय काय ठेवून बसलेय, तुला काय सांगू."

नर्स डब्लिनकडची, कोवळी पोरगी. पाणी घालताना तिनं नाव तीन वेळा विचारून घेतलं, मग जपून उच्चारलं. रिबन पेटीत ठेवता येणार नाही म्हणाली, पण बाहेरच्या दांड्याला स्वतःच बांधली. बांधता बांधता तिनं विचारलं, "छान आहे हो नाव. अर्थ काय त्याचा?"

"फादर म्हणतात मधमाशी, लोहार म्हणतो लोहाराची लेक," अ‍ॅबी म्हणाली. "आमच्या घरात त्याचा अर्थ आजी."

तो दिवस गेला. पुढचाही गेला. पण खोटं कशाला सांगायचं, ते आठवडे सोपे नव्हते. एकदा रात्रीतून तब्येत इतकी ढासळली की डोनलनं फोन उचलला आणि नंबरच विसरला. अ‍ॅबीला भीती वाटायची थांबली नव्हती, आजी जशी नातीसाठी घाबरते तशी ती घाबरायची. नावाची भीती मात्र राहिली नव्हती, आणि त्यामुळे तिला झोप यायची. एवढं सुद्धा पुष्कळ असतं.

वसंत लागला. एका सकाळी अ‍ॅबी वासरांना पाजून बादली धुवत होती. घरात फोन वाजला, कॉननं उचलला, आणि मग तो खिडकीतून अर्धा बाहेर आला. हा माणूस आयुष्यात कधी ओरडला नव्हता, बैल शेतात घुसला तेव्हासुद्धा नाही.

"गॉबनेटनं दूध पिलं! नळी काढली, बाटलीनं पिलं, सगळं संपवलं! डॉक्टर म्हणतात, आता घरी न्या!"

अ‍ॅबीच्या हातातली बादली पालथी झाली आणि ती त्याच बादलीवर बसली. जीव भांड्यात पडणं म्हणजे काय ते तिला त्या अंगणात कळलं. ती एप्रनमध्ये तोंड घालून पोटभर रडली. कॉन बाहेर आला, शेजारी उभा राहिला, काय करावं ते न सुचून तिच्या डोक्यावर हात ठेवला.

"ऐकलंस ना, अ‍ॅबी?"

"ऐकलं. आणि आता मलाही गॉबनेट म्हण."

कॉननं विचार केला. तो सावकाश विचार करणारा माणूस. "मग घरात दोघी असताना मी हाक मारली, तर कोणाला मारली ते कळणार कसं?"

"जी जवळ असेल ती येईल," ती म्हणाली, आणि बादली उचलून पुन्हा धुवायला लागली.